खत, वही आणि हमाल : ‘व्यापारी ते संत’ या चरित्रसाच्याची चिकित्सा

तुकारामांचे चरित्र सांगताना मराठी चरित्रकार गेली अडीचशे वर्षे बहुधा एकाच साच्याचा आश्रय करीत आले आहेत. देहूच्या सधन महाजन कुळातील तरुण वाणी, दुष्काळ, दिवाळे, कुटुंबातील मृत्यू, वैराग्य आणि शेवटी साक्षात्कार असा हा क्रम आहे. या साच्यात व्यापाराला एकच कार्य उरते, ते म्हणजे बुडणे. दुकान बुडाले म्हणून संत लाभला, एवढ्यावर व्यापाराचा अध्याय मिटतो आणि पुढील अध्यायांत त्याची आठवण काढण्याचे कारण पडत नाही. गाथेची भाषा मात्र या साच्याला पदोपदी छेद देते. जो व्यवसाय सुटला असे चरित्र सांगते, तो अभंगांच्या शब्दकळेत अखेरपर्यंत चालूच आहे. या विसंगतीचा विचार भाषिक अंगाने व्हावयास हवा.

साचा घडला कोठे, हे प्रथम पाहणे इष्ट. चरित्राचा मुख्य आधार महिपतींचे ‘भक्तविजय’ (1762) आणि ‘भक्तलीलामृत’ (1774) हे ग्रंथ होत. तुकारामांचे निर्याण 1650 मधील. म्हणजे चरित्रनायक आणि चरित्रकार यांच्यात शतकाहून अधिक अंतर आहे. दुसरी गोष्ट सहसा लक्षात घेतली जात नाही. महिपती हे स्वतः ताहराबादचे कुलकर्णी, म्हणजे गावचे हिशेबनीस. परंपरेप्रमाणे, देवपूजेतून उठवून कचेरीत बोलावले गेल्यावर त्यांनी ते काम कायमचे सोडले आणि लेखणी संतचरित्रांपुरतीच राखली. हिशेबाची वही आणि भक्ती यांत पूर्ण फारकत ज्याने स्वतः अनुभवली, त्याने तुकारामांच्या जीवनातही तीच फारकत पाहावी हे स्वाभाविक होय. गिऱ्हाइकाच्याच हाती माप देऊन मोकळा होणारा मिरचीविक्या, किंवा जिजाईने खत लिहून देऊन उभे केलेले भांडवल वाटेत अडलेल्याला देऊन टाकणारा उदार पुरुष, या महिपतींच्या कथा सुंदर आहेत. परंतु त्या सर्वांचा रोख एकच : संताला व्यापार जमत नाही.

तुकारामांनी स्वतःची हकीकत एका अभंगात संतांच्या आग्रहावरून सांगितली आहे. तिच्यात आरंभीच व्यवसायाचा उल्लेख येतो आणि तो ‘वेवसाव’ या बोलीतल्या रूपात येतो, हे लक्षणीय आहे. पुढे आईबापांचा मृत्यू, दुष्काळाने हिरावलेले द्रव्य आणि मान, अन्नावाचून गेलेली पत्नी, धंद्यातील तूट, पडक्या देवळाचा जीर्णोद्धार असा क्रम आहे. 1630 च्या सुमाराच्या त्या दुष्काळाची तीव्रता इतर साधनांवरूनही ज्ञात आहे. मात्र सावकारीची खते इंद्रायणीत बुडविल्याची सर्वविश्रुत कथा या अभंगात नाही. धाकटे बंधू कान्होबा यांच्या वाट्याची अर्धी खते त्यांना देऊन उरलेली अर्धी नदीत सोडली, हा तपशील परंपरेचा आहे. अभंगात बुडतात त्या कवितेच्या वह्या. त्यांच्याकरिता तुकाराम धरणे धरून बसतात. धरणे हा शब्दही येणेकऱ्याच्या व्यवहारातला! ऋणकोच्या दारात धनको जसा बसतो, तसा हा कवी देवाच्या दारात बसला आहे. व्यापार सुटला असेल, तर वसुलीची ही रीत कोठून आली?

संतवाङ्मयात धंद्याची रूपके नवी नाहीत. नामदेवांचे शिवणकाम, गोरोबांचा चाक, सावतोबांचा मळा, नरहरींचा अग्नी आणि मूस यांची चर्चा पुष्कळ झाली आहे. तेव्हा तुकारामांची व्यापारी भाषा हीही त्याच संकेताची एक शाखा, असे म्हणून थांबण्याचा मोह होतो. ते बरोबर नाही. कारागिराच्या रूपकात कर्ता एक आणि द्रव्य एक असते. कापड, माती, सोने हे मनाच्या जागी येते आणि कारागीर त्याला घडवितो. व्यापाराच्या वाक्याला दोन माणसे लागतात. देणारा आणि घेणारा, धनी आणि ऋणी, यांतील एकाला वगळले तर वाक्यच पुरे होत नाही. म्हणून तुकारामांची केणे, माप, मोल, रोकडे, दिवाळे, भांडार ही शब्दावली केवळ अलंकार म्हणून येत नाही. ती देव आणि भक्त यांना समोरासमोर बसविते, आणि त्या बैठकीत भक्ताला हक्काने बोलता येते. गाथेतील भांडणाचा सूर याच वाक्यरचनेतून निघतो.

या शब्दावलीतील सर्वांत सूचक शब्द ‘हमाल’ हा आहे. आपल्या काव्याविषयी बोलताना तुकाराम भांडार फुटल्याचे सांगतात, माल धन्याचा असल्याचे सांगतात आणि स्वतःकडे केवळ भारवाह्याचे काम घेतात. भांडार आणि धनी हे संस्कृत कुळातले शब्द, माल आणि हमाल हे अरबी. बाजारपेठेत असे शब्द एकमेकांशेजारी सहज राहतात. परंतु महत्त्वाची आहे ती भूमिकांची अदलाबदल. ज्याच्या घराण्याकडे देहूच्या पेठेची महाजनकी होती, तो पेठ सोडून जात नाही. पेठेतच राहून धन्याच्या जागेवरून हमालाच्या जागी येतो. चरित्रकारांना जो त्याग दिसला, तो भाषेच्या पुराव्यावर स्थानांतर ठरतो. हा फरक लहान नाही.

तुलनेसाठी अगदी दूरचे एक उदाहरण उपयोगी पडेल. मॉर्मन नावाने ओळखल्या जाणाऱ्या अमेरिकन ख्रिस्ती संप्रदायात प्रत्येक सामान्य अनुयायाला ‘संत’ म्हणण्याचा प्रघात आहे, आणि धंदेवाईक पुरोहितवर्ग नसल्याने वरिष्ठ धर्माधिकारी पुष्कळदा व्यापारउदिमातून येतात. हेबर ग्रँट (1856-1945) हे सॉल्ट लेक सिटीतील विमाव्यवसायी 1882 मध्ये या संप्रदायाचे प्रेषित झाले आणि 1918 पासून मृत्यूपर्यंत अध्यक्ष होते. 1893 च्या आर्थिक अरिष्टात ते कर्जात बुडाले. ते कर्ज त्यांनी अनेक वर्षे झिजून फेडले आणि पुढे कर्ज टाळा, काटकसर करा, असा उपदेश जन्मभर केला. दोघांच्याही आयुष्याला अरिष्टाने वळण दिले. परंतु ग्रँट हे देणेकरी होते, त्यांचे शील फेडण्यात प्रकट झाले. तुकाराम येणेकरी होते, आणि परंपरेने त्यांचे शील सोडण्यात पाहिले. ग्रँट यांच्या धर्मात हिशेबाची वही तशीच राहिली, फक्त तिचा मालक बदलला. अलीकडे व्यवस्थापनाच्या व्याख्यानांतून तुकारामांना यशस्वी उद्योजकाचा आदर्श म्हणून पुढे करतात, तेव्हा वस्तुतः ग्रँट यांचेच चरित्र देहूच्या नावावर खपविले जाते. महिपतींचा साचा अपुरा आहे, हा नवा साचा तर सरळ चुकीचा आहे.

वहीचा प्रश्न येथे संपत नाही, कारण तो देहूहून चाकणला जातो. संताजी जगनाडे हे चाकणचे तेली, तुकारामांचे टाळकरी आणि अभंगांचे लेखक. त्यांची समाधी सुदुंबरे येथे आहे. त्यांच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या वहीवरून वि. ल. भावे यांनी 1919-20 मध्ये गाथेचा पाठ प्रसिद्ध केला आणि तोच अस्सल होय असा आग्रह धरला. आग्रहाचा भाग बाजूला ठेवला तरी एक गोष्ट उरते. पाठशाळेबाहेरच्या जातींत लिहिणेवाचणे टिकले ते बव्हंशी जमाखर्चाच्या गरजेने. वाण्याचे अभंग तेल्याने उतरून घ्यावेत, हे त्या साक्षरतेचे फळ होय. गाथा जर लोकांच्या मुखी राहिली असेल, तर ती दुकानदाराच्या सवयीने कागदावरही राहिली आहे. आणि व्यापाराला निव्वळ पडझडीची पायरी मानणाऱ्या चरित्रात या गोष्टीला जागाच नाही. आज चाकणची औद्योगिक वसाहत भामचंद्राच्या डोंगराच्या परिसरापर्यंत पोचली आहे. तुकारामांच्या एकांताच्या जागा म्हणून त्या डोंगराची नोंद करणारे चरित्रकार चाकणच्या तेलघाण्याला क्वचितच अर्धे वाक्य देतात.

शंकर पांडुरंग पंडित व विष्णु परशुराम शास्त्री पंडित यांनी 1869 आणि 1873 मध्ये संपादिलेली इंदुप्रकाश छापखान्याची गाथा आणि भाव्यांचा पाठ, यांतील व्यवहारवाचक शब्दांची रूपे शेजारी मांडून पाहण्याचे काम पदव्युत्तर अभ्यासकाच्या आवाक्यातले आहे. ‘वेवसाव’सारखी बोलीरूपे कोठे राखली गेली आणि कोठे संस्कृत वळणावर नेली गेली, हे त्यावरून कळेल, आणि संपादकांच्या हातून बाजारातला तुकाराम कितपत सोवळा झाला, याचाही अंदाज येईल.