काळ विणणाऱ्या बाया आणि साळखात्याचं दार

मागच्या अंकात माझी कविता आली होती. तीत मी एक देवी उभी केली. ती मागावर बसून काळ विणते, एका पायाखाली दिवस, दुसऱ्या पायाखाली रात्र, आणि तिचा धागा तुटला तर सूर्य जागचा हलणार नाही, असं काहीबाही. तिघाचौघांनी पाठीवर थाप मारली. माझीही छाती फुगली. आज त्याच कवितेविरुद्ध लिहायला बसलोय. कवीनं स्वतःवर टीका करू नये असा नियम असेल तर तो प्रस्थापितांनी आपल्या वहीत लिहून ठेवावा.

ही देवी माझ्या डोक्यातून निघाली असं मी सांगत फिरलो, ते खोटं. ती महाभारतातून आली. आदिपर्वात उत्तंक नावाचा शिष्य आहे. गुरुपत्नीला पौष्य राजाच्या राणीची कुंडलं पाहिजेत म्हणून हा ती मागून आणतो. वाटेत तक्षक ती पळवतो. उत्तंक त्याच्यामागं नागलोकात उतरतो. तिथं दोन बाया मागावर बसल्यात. दोरे काळे आणि पांढरे. सहा पोरं बारा आऱ्यांचं चाक फिरवतायत. परत आल्यावर गुरू अर्थ सांगतो: दोरे म्हणजे रात्र आणि दिवस, चाक म्हणजे वर्ष, पोरं म्हणजे सहा ऋतू. आणि त्या बाया? त्या धाता आणि विधाता. अथर्ववेदाच्या स्कंभसूक्तातही दोन तरुणी सहा खुंट्यांवर असंच विणतात. म्हणजे माल जुना, फक्त शिक्का माझा.

पहिल्यांदा वाचलं तेव्हा मी वाहवा म्हणालो. रातपाळी करून आल्यावर परत वाचलं तेव्हा अडकलो. धाता, विधाता हे दोन्ही शब्द पुल्लिंगी. काम करताना त्या बाया होत्या, अर्थ सांगायची वेळ आली तेव्हा त्यांना पुरुषांची नावं मिळाली. विणलं त्यांनी, मालकी तिसऱ्याची. ते कापड कुणाच्या अंगावर गेलं, हे उत्तंक विचारत नाही, गुरू सांगत नाही. उत्तंकाला कुंडलं पाहिजेत, बस्स.

आणि तो माग कुठं आहे बघा. स्वर्गात नाही, नागांच्या मुलखात आहे. 1956 साली नागपुरात धर्मांतराच्या दुसऱ्या दिवशी बाबासाहेबांनी नाग लोकांची आठवण काढली होती, ती काय उगीच? विश्वाची घडी जिथं विणली जाते ती जागा नागांची. तिथून कुंडलं घेऊन वर आलेला हा उत्तंक पुढं काय करतो? हस्तिनापुरला जाऊन जनमेजयाला सर्पसत्रासाठी भरीला घालतो. ज्यांच्या घरी माग पाहिला त्यांनाच जाळायची तजवीज. याला ते ऋत म्हणतात, विश्वाचा नियम म्हणतात. आमच्या पुण्यातच भांडारकर संस्थेत 1919 ते 1966 पर्यंत महाभारताची चिकित्सक आवृत्ती झाली, 1259 हस्तलिखितं ताडून. मोठं काम आहे, मी नाकारत नाही. पण पाठ शुद्ध झाला म्हणून अर्थ शुद्ध होत नाही, तो आपणच धुवायचा.

एवढं समजूनही मी देवीच लिहिली. का? कारण मागाची मला हौस होती, माहिती नव्हती. मी चालवतो तो रेपियर. त्याला धोटाच नाही. धोट्याची गोष्ट आजीनं सांगितली. तिचा सासरा मुंबईला गिरणीत होता. जुन्या मागावर धोट्यातली कांडी संपली की नवी घालायची आणि सुताचं टोक भोकातून बाहेर काढायला धोट्याला तोंड लावून ओढायचं. श्वासाबरोबर सूत बाहेर, कापसाची धूळ आत. एकाचं तोंड लागलेल्या धोट्याला दुसऱ्याचं तोंड लागणार. म्हणून सवर्ण विणकरांनी महाराला साळखात्यात येऊ दिलं नाही. पगार तिथंच बरा होता. "त्यो रिंग खात्यातच म्हातारा झाला लेका," आजी म्हणाली. "साळखात्याच्या दारापर्यंत जायचा आन् आवाज ऐकून माघारी यायचा."

ही एका म्हाताऱ्याची कहाणी नाही. 1928 च्या मुंबईच्या संपात बाबासाहेबांनी हाच सवाल पुढाऱ्यांसमोर टाकला. 1938 ला मनमाडच्या रेल्वे कामगार परिषदेत त्यांनी ब्राह्मणशाही आणि भांडवलशाही हे दोन शत्रू सांगितले, त्यामागं हेही दार होतं. गंमत अशी की विदर्भात महार पिढ्यान् पिढ्या जाडंभरडं कापड विणत आले होते. तेव्हा कुणाला विटाळ झाला नाही. गिरणीत पगार वाढला आणि सूत बाटायला लागलं.

साळी समाजाचा मूळपुरुष जिव्हेश्वर. शंकराच्या जिभेतून जन्मला म्हणतात. कोष्ट्यांची चौंडेश्वरी. त्यांच्या श्रद्धेवर मला दात काढायचे नाहीत, त्यांचेही माग कर्जात बुडाले. पण जिभेतून विणकर जन्मतो हे मानणाऱ्या मुलखात आमच्या जिभेनं धोटा विटाळतो, ही ओळ माझ्या कवितेत पाहिजे होती. तिथं मी सूर्याला थांबवत बसलो.

कबीरानं देवी उभी केली नाही. तो स्वतः माग चालवत होता, सूत कुठं तुटतं ते त्याच्या बोटाला ठाऊक होतं. मी कवितेत उपरा होतो, भाड्यानं आणलेला दागिना घालून लग्नात मिरवावं तसा.

कविता आजीला वाचून दाखवली तेव्हा तिनं एकच विचारलं. "तुझी देवी कांडी बदलती तवा तोंड लावती का न्हाई?"

माझ्या देवीची कांडी संपतच नाही. ती खोटी आहे ती इथं. मजुरी नाही, पाळी नाही, तुटका दोरा नाही, छातीत धूळ नाही.

त्या दोन बायांवर परत लिहितोय, नागलोकातल्याच. त्यांना नावं अजून सापडली नाहीत, धाता-विधाता ठेवणार नाही. सहा पोरांचं काय करावं कळत नाही. आजी म्हणते त्यांना आधी जेवायला बसव.