फिर्यादीची गैरहजेरी आणि फौजदारी न्याय : एक चिकित्सा

प्रस्तावना :
दाद मागणारा पक्षकार तारखेस हजर राहिला नाही तर त्याच्या प्रकरणाचे काय करावे, हा प्रश्न वरकरणी तांत्रिक वाटतो. दिवाणी कायद्यात त्याचे उत्तर सरळ आहे. वादीच्या गैरहजेरीत दावा काढून टाकता येतो आणि गैरहजेरीस पुरेसे कारण होते असे दाखविल्यास तो पूर्ववत करता येतो. फौजदारी कायद्यात मात्र हे उत्तर टप्प्याटप्प्याने बदलते.

अपिलाचा टप्पा :
सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायाधीशांच्या पीठाने 'बानी सिंग विरुद्ध उत्तर प्रदेश राज्य' (१९९६) या प्रकरणात असे ठरविले की, दाखल करून घेतलेले फौजदारी अपील केवळ अपीलकर्ता व त्याचा वकील गैरहजर आहेत म्हणून फेटाळता येत नाही. अभिलेख तपासून ते गुणदोषांवरच निकाली काढले पाहिजे. २००७ मध्ये 'मदनलाल कपूर' प्रकरणात पुनरीक्षण अर्जासही हेच तत्त्व लागू करण्यात आले. शिक्षेने व्यक्तिस्वातंत्र्य हिरावले जात असल्याने हा दंडक योग्यच होय.

खटल्याचा टप्पा :
याउलट, फौजदारी प्रक्रिया संहिता, १९७३ च्या कलम २५६ अन्वये समन्स खटल्यात फिर्यादी गैरहजर राहिल्यास आरोपीची निर्दोष मुक्तता होत असे. तहकुबी देणे वा हजेरी माफ करणे न्यायदंडाधिकाऱ्याच्या विवेकावर होते. धनादेश अनादराच्या फिर्यादींनाही ही तरतूद लागू होती. शिवाय, फौजदारी न्यायालयास स्वतःचा अंतिम आदेश फिरविता येत नाही. १९८६ च्या 'गौराया' निर्णयानुसार न्यायदंडाधिकाऱ्यास अशी फिर्याद पूर्ववत करण्याचा अधिकार नाही. परिणामी, लाखाच्या दिवाणी दाव्यास मिळणारी दुसरी संधी तेवढ्याच रकमेच्या धनादेशाच्या फिर्यादीस त्याच न्यायालयात मिळत नाही. फिर्यादीस वरिष्ठ न्यायालयाची पायरी चढावी लागते, आणि रोजंदारी बुडवून तारखा गाठणाऱ्यास ती परवडत नाही.

नवी तरतूद :
१ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम २७९ ने मुक्ततेपूर्वी फिर्यादीस हजर राहण्यासाठी तीस दिवसांचा अवधी देणे आवश्यक केले आहे. ही सुधारणा स्वागतार्ह असली तरी अपुरी आहे. हा अवधी फिर्यादीस कोणत्या रीतीने कळवावा, याविषयी कलम मौन बाळगते. न कळलेला अवधी हा न दिलेल्या अवधीसारखाच ठरतो.

आरोपीची बाजूही दुर्लक्षिण्याजोगी नाही. फिर्याद दाखल करून स्वतः न फिरकणारा फिर्यादी आरोपीस वर्षानुवर्षे खेटे घालावयास लावू शकतो. कलमाचा मूळ हेतू हा छळ थांबविण्याचाच आहे. तथापि, फिर्यादीचा पुरावा पूर्ण झाल्यावर गैरहजेरीपोटी मुक्तता न करता गुणदोषांवर निर्णय द्यावा, हे सर्वोच्च न्यायालयाने 'एस. आनंद' प्रकरणात (२००८) दाखवून दिले आहे.

निष्कर्ष :
गैरहजेरी हा पुरावा नव्हे. तीस दिवसांची लेखी सूचना, मुक्ततेच्या आदेशात कारणांची नोंद आणि सबळ कारण असल्यास ठरावीक मुदतीत फिर्याद पूर्ववत करण्याचा मर्यादित अधिकार, या तीन गोष्टी कायद्यात आल्यास आरोपीचा छळ न होता फिर्यादीस न्याय मिळू शकेल.