व्हागानोव्हा, अग्रिपिना
(२६ जून १८७९–५ नोव्हेंबर १९५१). विख्यात रशियन बॅले-नर्तकी व नृत्यशिक्षिका. जन्म व मृत्यू सेंट पीटर्झबर्ग (तत्कालीन लेनिनग्राड) येथे. तेथील शाही बॅले विद्यालयातील शिक्षण संपवून १८९७ मध्ये ती मारीइन्स्की रंगमंदिरात दाखल झाली. परंतु ‘बॅलेरिना’ हे पद तिला निवृत्तीपूर्वी अवघे एक वर्ष, १९१५ मध्ये लाभले. हा विलंब तिच्या अध्यापनास उपकारकच ठरला असावा. कारण जे सहजसाध्य नव्हते, ते तिने चिकित्सेने कमावले होते. क्रांतीनंतर बॅले ही दरबारी कला म्हणून टीकेचा विषय झाली असता, तिने त्याच विद्यालयात अभिजात तंत्राची शास्त्रशुद्ध मांडणी केली. फ्रेंच शैलीचे मार्दव व इटालियन शैलीचे बळ यांचा मेळ घालून पाठ, हात व मस्तक यांची पायांच्या गतीशी एकतानता साधणे, हे तिच्या पद्धतीचे मर्म होय. तिचा अभिजात नृत्याच्या मूलतत्त्वांवरील ग्रंथ (१९३४) काटेकोर आहे. मात्र त्यातील पदन्यासांची वर्णने नुसती गिरवल्यास नृत्याची कसरत होते. तिच्या वर्गात तसे घडले नाही. गालिना उलानोव्हाची संयत भावगर्भता व नताल्या दूदिन्स्कायाचे तेजस्वी तंत्रकौशल्य ही एकाच शिस्तीची परस्परभिन्न फळे होत. १९५७ मध्ये विद्यालयास तिचे नाव देण्यात आले.