विनोदी नट आणि गंभीर नट : श्री. दिलीप प्रभावळकर यांच्या अभिनयाचा विचार

आपल्या नाट्यसमीक्षेत नटांची विनोदी आणि गंभीर अशी वाटणी करण्याची रीत जुनी आहे. विनोदी नटाने करुण भूमिका वठविली की आपण तिची वाखाणणी करतो. परंतु त्या वाखाणणीत आश्चर्याचाच अंश अधिक असतो. ही वाटणी कितपत ग्राह्य आहे, हे तपासण्यास श्री. दिलीप प्रभावळकर (जन्म १९४४) यांच्या कारकीर्दीइतके सोयीचे उदाहरण मराठीत क्वचितच आढळेल.

रत्नाकर मतकरी यांच्याच दोन नाटकांत त्यांनी दोन टोके गाठली. ‘अलबत्या गलबत्या’ या बालनाट्यात ते चेटकीण झाले, तर ‘आरण्यक’मध्ये विदुर. १९७०च्या दशकाच्या उत्तरार्धात मुंबई दूरदर्शनवर त्यांनी चिं. वि. जोशी यांचा चिमणराव उभा केला आणि तो घरोघर पोहोचला. पुढे जयवंत दळवी यांच्या ‘नातीगोती’त ते मतिमंद मुलाचे पिता झाले आणि ‘चौकट राजा’ (१९९१) या चित्रपटात स्वतःच बुद्धीची वाढ खुंटलेला नंदू.

चिमणराव आणि नंदू या भूमिका शेजारी ठेवून पाहिल्या, तर त्यांच्या अभिनयाचे मर्म हाती येते. चिमणराव हास्यास्पद आहे, पण ते त्याला ठाऊक नाही. तो आपल्या परीने संसार नेटका करू पाहत असतो. नंदू दयनीय आहे, पण तेही त्याला ठाऊक नाही. त्याला खेळावयाचे आहे आणि बालपणीची मैत्रीण हवी आहे. प्रेक्षकाला जे कळते ते पात्राला कळता कामा नये, हे पथ्य नटाने दोन्ही ठिकाणी सारख्याच कसोशीने पाळले आहे. चिमणरावाच्या मुखाने तो प्रेक्षकांकडे हशा मागत नाही आणि नंदूच्या मुखाने अश्रू मागत नाही. हास्य की करुण, याचा निर्णय प्रसंग करतो. अभिनयाची रीत एकच राहते.

यावर एक आक्षेप संभवतो. स्वतः लिहिलेल्या ‘हसवाफसवी’त त्यांनी सहा भूमिका केल्या. अशा नाटकात प्रेक्षक पात्राऐवजी रूपपालटाकडेच पाहू लागतो आणि टाळी वेषभूषेला पडते. हा धोका खरा आहे, आणि त्या नाटकातील काही पात्रे केवळ चातुर्याच्या पातळीवर राहतात, हेही मान्य केले पाहिजे. तथापि वृद्ध गायकनट कृष्णराव हेरंबकर रंगमंचावर येताच हा आक्षेप मागे पडतो. त्यांच्या लकबींना आपण हसतो आणि त्याच क्षणी सरलेल्या संगीत रंगभूमीची हळहळ वाटते. येथे हास्य आणि शोक यांना वेगळे काढता येत नाही.

‘लगे रहो मुन्नाभाई’ (२००६) या हिंदी चित्रपटातील गांधीजी हा याच रीतीचा दुसरा पुरावा. तेथे विनोद आहे तो नायकाच्या फजितीत. गांधीजी स्वतः विनोदी होत नाहीत. त्यांची अविचल शांती हाच त्या विनोदाचा आधार आहे. या भूमिकेसाठी व ‘शेवरी’तील भूमिकेसाठी त्यांना साहाय्यक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

भरताने हास्याची उत्पत्ती शृंगारापासून आणि करुणाची रौद्रापासून सांगितली आहे. म्हणजे शास्त्रदृष्ट्या या दोन रसांची कुळे भिन्न ठरतात. पण रस प्रेक्षकाच्या ठायी निष्पन्न होतो, आणि नटाची साधना त्यापूर्वीची असते. म्हणून रसभेदावरून नटांचे भेद पाडणे हे कार्यावरून कारणाचे विभाजन करण्यासारखे आहे. ‘दशावतार’ (२०२५) या चित्रपटात श्री. प्रभावळकर कोकणातील वृद्ध दशावतारी कलावंत बाबुली मेस्त्री झाले आहेत. ‘हसवाफसवी’त जो रूपपालट कौशल्याचा विषय होता, तो येथे पात्राच्या जगण्याचा विषय झाला आहे. ऐंशीच्या घरातील नटाची ही भूमिका विनोदी की गंभीर, असा प्रश्न ती पाहताना सुचत नाही. समीक्षकानेही तो विचारण्याची सवय सोडावी, हे बरे.