बाई आवडतात, म्हणजे काय होतं?

चौथीतल्या मुलाला बाई आवडायला लागल्या, असं म्हटलं की आपण हसतो. ते मूल मात्र हसत नसतं. बाई यायच्या आत ते फळा पुसून ठेवतं, वह्यांचा गठ्ठा उचलायला पहिलं धावतं, आणि बाईंचं लग्न ठरलं की दोन दिवस नीट जेवत नाही. घरात थट्टा होते, नाहीतर ‘गुरूंबद्दल आदर असावा’ म्हणून विषय मिटवला जातो. आम्हाला वाटतं, थट्टा आणि आदर या दोन्ही खणांत ही गोष्ट मावत नाही. आईबाप न निवडता मिळतात. घराबाहेरचं एखादं माणूस मोलाचं आहे, हे मूल इथे पहिल्यांदा स्वतः ठरवतं.

कलाकृतींनी याचं काय केलं? ‘मेरा नाम जोकर’ (१९७०) या चित्रपटाचा पहिला भाग आठवा. ऋषी कपूरच्या राजूचा मेरी टीचरवर जीव जडतो. बाई त्याला झिडकारत नाहीत, हसण्यावारीही नेत नाहीत. इथवर चित्रपट खरा आहे. पण नदीकाठच्या प्रसंगात कॅमेरा मुलाच्या गोंधळापेक्षा बाईंच्या अंगावर रेंगाळतो. मुलाची नजर पुढे करून मोठ्या प्रेक्षकाची हौस भागवली जाते. याला आम्ही लबाडी म्हणतो.

आता आपल्या सांगलीच्या माणदेशात या. व्यंकटेश माडगूळकरांची ‘बनगरवाडी’ (१९५५) औंध संस्थानातल्या एका कोवळ्या मास्तराने स्वतः सांगितलेली गोष्ट आहे. कारभाऱ्याची मुलगी अंजी त्याला चोळी शिवून आणायला सांगते, आणि त्यावरून कारभाऱ्याच्या मनात संशय शिरतो. अंजी काही मास्तराची विद्यार्थिनी नाही. तरी प्रसंग लागू पडतो, कारण मोठ्यांना अशा ओढीचा एकच अर्थ सुचतो. माडगूळकरांचा संयम मोठा आहे. मर्यादाही त्यातच आहे बघा : गोष्ट मास्तराच्या तोंडून येते, त्यामुळे अंजीचं मन आपल्याला बंदच राहतं.

साताऱ्याचं उदाहरण वेगळं आहे. ७ नोव्हेंबर १९०० रोजी भीमराव तिथल्या सरकारी शाळेत दाखल झाले. आई आधीच गेलेली, आणि वर्गात अस्पृश्यतेची भिंत. आंबेडकर नावाचे शिक्षक मधल्या सुट्टीत आपल्यातली भाजी-भाकरी त्यांना देत. ही आठवण बाबासाहेबांनी मोठेपणी स्वतः सांगितली आहे. याला आकर्षण म्हणणं साफ चूक ठरेल. पण ‘या माणसाला मी दिसतो’ ही भूक दोन्हीकडे आहे, आणि ती शमली तर मूल ताठ उभं राहतं.

मग शिक्षकाने काय करावं? प्लेटोच्या ‘सिम्पोझियम’मध्ये देखणा अल्सिबायडीज भर मेजवानीत सांगतो, की आपण सॉक्रेटिसच्या मागे लागलो, पण तो बधला नाही. अल्सिबायडीजला राग येतो, आणि त्याच्याबद्दलचा आदर वाढतोही. तो तरुण होता, मूल नव्हतं. तरी सूत्र तेच : ओढीचा फायदा घ्यायचा नाही आणि ओढणाऱ्या मनाला हिणवायचंही नाही. २०१२ चा पॉक्सो कायदा शिक्षणसंस्थेतल्या कर्मचाऱ्याने केलेला लैंगिक अत्याचार अधिक गंभीर धरतो, तो उगीच नाही. मुलाने विश्वासाने आपलं मन ज्याच्या हाती दिलेलं असतं, त्यानेच तो घात केलेला असतो.

हिणवून मुलाचा मानसिक छळ करायलाही शाळेत कायद्याने मनाई आहे. तरी वहीत सापडलेली चिठ्ठी वर्गात मोठ्याने वाचून दाखवणाऱ्या शिक्षकाला सहसा कोणी गुन्हेगार म्हणत नाही. पण आवडणं ही लाजेची गोष्ट आहे, हा धडा तो चाळीस मुलांना एकदम देतो, आणि तो धडा पुसायला कधीकधी अख्खा संसार पुरत नाही. चिठ्ठी घडी घालून परत द्यावी. दुसऱ्या दिवशी त्याच मुलाला फळ्यावर गणित सोडवायला बोलवावं, बाकीच्यांना बोलवतो तसंच.