‘सुजाता’ : अश्रू कोणाच्या बाजूचे?

मेलोड्रामाला ‘रडका सिनेमा’ म्हणून मोडीत काढणे ही पांढरपेशा समीक्षेची जुनी खोड आहे. मांडवगण फराट्यासारख्या गावांतून जत्रेच्या तंबूत, मातीत बसून सिनेमा पाहणाऱ्या बाया रडत. कारण घरात जे बोलायची सोय नव्हती ते पडद्यावर कुणीतरी उघड बोलत होते. तेव्हा अश्रूंना हसण्यापेक्षा ते कोणाच्या बाजूने उभे राहतात, हे तपासले पाहिजे.

बिमल रॉय यांचा ‘सुजाता’ (१९५९) त्यासाठी घेऊ. सुबोध घोष यांच्या बंगाली कथेवरच्या या हिंदी चित्रपटाचा भार मराठी अभिनेत्रींनी पेलला आहे : नूतन, सुलोचना, शशिकला, ललिता पवार. पटकीत आईबाप गेलेली अस्पृश्य मुलगी ब्राह्मण इंजिनिअरच्या घरी वाढते. रमा कॉलेजात जाते, सुजाता घर सांभाळते. मालकीणबाई चारू तिला लोकांपुढे मुलगी म्हणत नाही, ‘मुलीसारखी’ म्हणते.

या ‘सारखी’त सगळी वर्णव्यवस्था आहे. चारू दुष्ट नाही. पुढे हिंदी पडद्याची आई म्हणून ओळखल्या गेलेल्या सुलोचनाबाईंनी ती उभी केली आहे. मातृत्व हे मेलोड्रामाचे सर्वोच्च मूल्य. तेच जातीपाशी अडखळते, हे दाखवण्यात या चित्रपटाची कला आहे. नूतन तर आक्रोशाशिवाय, नुसत्या नजरेने अपमान पोचवते.

परंतु शेवटी चारूला अपघात होतो, रक्त लागते, ते सुजाताचेच जुळते. मग ती ‘मुलगी’ ठरते. रक्ताला जात नसते हे खरे. पण माणूसपण सिद्ध करण्यासाठी रक्त देण्याची अट तिच्यावरच का?

‘अछूत कन्या’ (१९३६) मधली कस्तुरी रेल्वेखाली प्राण देते. त्याच वर्षी लाहोरच्या जात-पात तोडक मंडळाने बाबासाहेबांचे भाषण रद्द केले, आणि त्यांनी ते स्वतः छापले. पुस्तकात हक्काची भाषा होती, पडद्यावर त्यागाची. तेवीस वर्षांनी नायिका जगते, तिचे लग्न होते, ही प्रगतीच; मात्र किंमत पुन्हा तिच्याच देहातून वसूल होते.

मधल्या काळात, १९५६ साली, नागपुरात लाखोंनी धम्मदीक्षा घेतली होती. ‘सुजाता’त चांडालिकेची बौद्ध कथा येते, गांधीजी येतात, स्वतःहून उठलेली वस्ती येत नाही. सुजाताला ना गोत, ना संघटना. एकटीवर दया करता येते. समूहाला हक्क द्यावा लागतो.

विद्यार्थ्यांना हा चित्रपट जरूर दाखवावा. त्यांनी रडावेही. मग एवढेच विचारावे : रक्त जुळले नसते तर?