‘वजनदार’ : सडपातळपणाच्या सक्तीचे अपुरे चित्रण

सचिन कुंडलकर दिग्दर्शित ‘वजनदार’ (2016) या चित्रपटात पाचगणीतील गृहिणी कावेरी व तरुण पूजा यांची वजन घटविण्याची धडपड येते. स्थूल स्त्रीकडे पाहणारी समाजाची नजर दिग्दर्शकाने नेमकी टिपली आहे; परंतु उपाशी राहण्याची शारीरिक किंमत विनोदात हरवते. अतिरेकी आहारनियंत्रणाने मासिक पाळी खंडित होते, हाडे ठिसूळ होतात, प्रसंगी हृदयाची लयही बिघडते. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणानुसार (2019-21) महाराष्ट्रातील निम्म्याहून अधिक स्त्रिया रक्तक्षयग्रस्त आढळल्या. उमरीसारख्या गावातील विद्यार्थिनी ‘डाएट’ म्हणून जेवण टाळते, तेव्हा तिच्यापाशी घटविण्याजोगे फारसे नसण्याचीच शक्यता अधिक. (उपवासाला निदान साबुदाण्याची खिचडी तरी असते!) सई ताम्हणकर व प्रिया बापट यांनी भूमिकांसाठी मुद्दाम वजन वाढविले, याचेच कौतुक अधिक झाले, कावेरीच्या भुकेची चर्चा मागे पडली.